राहू दे म्हणाली होतीस

५ फेब्रुवारी

ठमे,

पत्र लिहायची सवय मोडली आहे, तेव्हा अक्षराला नावं ठेवू नकोस. तीन वर्षांपूर्वी तू फोन टाकून दिलास आणि 'काही सांगायचं असेल तर पत्र लिही' म्हणालीस, तेव्हा मला वाटलं चार दिवसांचं खूळ आहे. आता मीच टपालपेटीपाशी तिकीट चाटत उभा राहतो आणि येणारे-जाणारे माझ्याकडे बघत राहतात.

परवा सकाळी दुकान उघडायला आलो तर मागच्या खोलीच्या दाराशी अकरा माणसं उभी. मला वाटलं, कुठल्या तरी कारखान्यातल्या सगळ्या मोटारी एकदम जळल्या आणि दुरुस्तीला आल्या. तर त्यातला एक म्हणतो, 'नळ बघता येईल का?' आपल्या बँडचं नाव 'गळका नळ' कशामुळे पडलं ते ढोल्या मागे एका मुलाखतीत बोलून गेला होता, त्याची ही फळं. सोडलं आत. दहा मिनिटं ते नळासमोर मुक्यानं उभे होते. एका बाईनं डोळे पुसले. जाताना एकजण माझ्या कानाशी येऊन म्हणाला, 'दुरुस्त करू नका हं.' त्या नळाचा वॉशर मी दोनदा बदललाय, हे त्याला कुठल्या तोंडानं सांगू?

आपण गावोगाव वाजवत होतो, पेपरात फोटो येत होते, तेव्हासुद्धा इतकं वेड नव्हतं. बँड बंद पडला आणि माणसं वाढायला लागली. कुणी म्हणतं तू वारलीस, कुणी म्हणतं आवाज गेला. एक ग्रंथपालबाई आहेत, त्यांनी वही केली आहे. आपल्या 'तू आला नाहीस' या गाण्यातला तो 'तू' नेमका कोण, याबद्दल एकशे चौदा मतं त्यांनी टिपून ठेवली आहेत. मला विचारलं तर मी म्हटलं, बाई, मी फक्त बेस गिटार वाजवतो.

आणि ते 'राहू दे'. गाणं संपल्यावर शेवटी तुझा आवाज येतो ना, ते लोकांनी शर्टावर छापलंय. एकमेकांना भेटले की 'राहू दे' म्हणतात. ढोल्यानं ड्रम विकून गाडी शिकवायचा क्लास काढलाय, तो सांगत होता, एका पोरानं रिव्हर्स घेताना खांबाला गाडी ठोकली आणि शांतपणे म्हणाला, 'राहू दे.' ढोल्यानं त्याला उतरवलं.

आता मुद्दा. अठरा मेला मोठं सभागृह मिळतंय, दोन हजार खुर्च्यांचं. त्यांनीच बोलावलंय. एक संध्याकाळ, सहा गाणी, शेवटी ते. जन्मभराची मागणी नाही करत मी. हो म्हण.

तुझा मोठा, अजून तरी शहाणा,
दादा


१४ फेब्रुवारी

दादासाहेब,

पत्र मिळालं. अक्षर पहिल्यापासून असंच होतं, सवयीला दोष देऊ नकोस.

मी बरी आहे. आमच्या लॅबमध्ये लांब टेबलाला आम्ही सातजण बसतो आणि दिवसभर लोकांच्या कवळ्या करतो. प्लास्टरचा साचा येतो, त्यावर मेणात दात बसवायचे, चावा जुळतो का बघायचं, मग पॉलिश. सध्या एका निवृत्त मास्तरांची कवळी तिसऱ्यांदा परत आली आहे. 'श' नीट उमटत नाही म्हणतात. आमचे साहेब म्हणाले, आता कुणाला शिकवायचंय त्यांना? पण मी पुढचे दोन दात केसभर मागे घेतले. माणसाला स्वतःचं बोलणं नीट ऐकू यावं असं वाटणारच.

इथे कुणाला माहीत नाही मी कोण ते. मागच्या महिन्यात रेडिओवर ते गाणं लागलं. शेजारची पॉलिशवाली सोबत गुणगुणायला लागली, 'उशी सरळ केली, पाणी दिलं, नाव तुझं घेतलं, मी ओ दिली.' मी प्लास्टर कालवत होते. गाणं संपेपर्यंत ते भांड्यातच घट्ट झालं, आणि साहेबांची बोलणी खाल्ली.

कार्यक्रमाला मी येणार नाही. आणि ते गाणं तर कुणीच म्हणू नये असं मला वाटतं. का, ते विचारू नकोस. बाकी काहीही विचार. जेवतोस का वेळेवर? पाठ कशी आहे?

ठमी


२० फेब्रुवारी

ठमे,

पाठ दुखते. जेवतो. झालं समाधान?

'का विचारू नकोस' म्हणे. तीन वर्षं मी विचारलं नाही. त्रेचाळिसाव्या कार्यक्रमात तू गाण्याच्या मध्येच माइक खाली ठेवलास आणि निघून गेलीस. मला वाटलं पाणी प्यायला गेली. मी चार मिनिटं तेच दोन सूर वाजवत बसलो. लोकांना ती कला वाटली, त्यावर कुणीतरी लेख लिहिलाय. कला कसली, मी वाट बघत होतो.

दुकानामागच्या त्या खोलीत आपण नऊ वर्षं घासली. नऊ वर्षांत आपल्याला ऐकायला कधी साठ माणसं जमली नाहीत. मग एक गाणं लागलं आणि अकरा महिने आपण माणसांत आलो. सदतीस वर्षांचा होतो मी. पहिल्यांदा कुणीतरी मला 'मोटारवाला' सोडून दुसरं काही म्हणत होतं. आणि ते तू एका संध्याकाळी, एका शब्दानंही न सांगता, संपवलंस. आता चाळीस वर्षांचा आहे. दिवसभर मोटारीच्या खाचांत तांब्याची तार भरतो, वार्निश लावतो, भट्टीत सुकवतो. वाईट काम नाही. पण तोंडाशी आलेला घास काढून नेलास आणि वर विचारतेस, जेवतोस का.

मला माहीत आहे कारण. तो बँकेतला चष्मेवाला. 'तू आला नाहीस' हे त्याच्यावरच आहे ना? ग्रंथपालबाईंच्या वहीत त्याला सात मतं आहेत, त्यातलं एक माझं. अगं, एका चष्म्यापायी तिघांचं आयुष्य झाकून ठेवायचं? नाव नको सांगूस, नुसतं हो म्हण. मी पुन्हा विषय काढणार नाही.

दादा


१ मार्च

दादा,

चष्मेवाल्याचं लग्न होऊन दोन वर्षं झाली. त्याच्या सासऱ्यांची कवळी मीच केली आहे, चांगली बसली आहे. त्याच्यावर मी ओळसुद्धा लिहिली नाही, गाणं तर लांबच राहिलं.

तुझा घास मी काढून नेला, हे खरं आहे. त्यासाठी मी तुझी गुन्हेगार आहे आणि ते मला रोज आठवतं. पण कार्यक्रम नाही म्हणजे नाही.

ठमी


१९ मार्च

ठमाबाई,

तुझं 'नाही म्हणजे नाही' सभागृहवाल्यांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, मग दुसरं कुणी बघा. ढोल्यानं बघितलं. त्याच्या क्लासला एक मुलगी येते, ती ग्रंथपालबाईंनी जमवलेल्या चाहत्यांच्या मंडळातली आहे. आम्ही तिला 'नवी'च म्हणतो. ऐकून मी गारच झालो. तू जिथे श्वास घेतलास तिथेच श्वास घेते. दुसऱ्या कडव्याआधी तुला ठसका लागला होता, तिथे ती खोकते. मी म्हटलं, पोरी, तो खोकला होता, गाण्यात नव्हता. तर म्हणाली, 'आम्हाला तो गाण्यातच आहे.' आणि शेवटी, अगदी तुझ्यासारखं, मान वळवून, 'राहू दे.'

कानामागून आली आणि तिखट झाली, असं तुला वाटेल. वाटू दे. अठरा मेला ती गाणार. तिकिटं गेली आहेत.

तुला अडवायचा हक्कच नाही, कारण ते गाणं ठेवलं तूच. आठवतंय ना? आधी आपले लिहिलेले शब्द होते, पावसाळी गाण्याचे, त्याचे दोन टेक झाले. तिसऱ्याला तू कागद खाली ठेवलास आणि हे भलतंच म्हणालीस. संपल्यावर रेकॉर्डिंगवाल्यानं काचेपलीकडून विचारलं, 'याचं काय करू?' तू म्हणालीस, 'राहू दे.' मी त्याला म्हटलं, ठेव म्हणतेय. त्यानं ठेवलं. ढोल्यानं त्याच आठवड्यात ते इंटरनेटवर टाकलं. यात कुणी तुझ्यावर जबरदस्ती केली? स्वतःच ठेवायला सांगायचं, आणि जग डोक्यावर घ्यायला लागलं की रुसून बसायचं. मला हे समजत नाही. समजून घ्यायचा आता कंटाळा आला आहे.

दादा


२६ मार्च

दादा,

हे पत्र दुकानात गिऱ्हाईक असताना उघडू नकोस.

मी 'राहू दे' म्हणाले ते 'नको' या अर्थानं. कुणी चहा विचारला की आपण म्हणतो ना, राहू दे, तसं. सोड, पुसून टाक, जाऊ दे. तू 'ठेव' ऐकलंस. त्या दिवशी मला ताप होता, मी घरी जाऊन झोपले. तापातून उठले तोवर ढोल्यानं ते टाकलं होतं. मला वाटलं, नेहमीची साठ माणसं ऐकतील आणि विसरतील. चार दिवसांत काय झालं ते तू बघितलंसच. चार लाख लोकांनी ऐकल्यावर तुला काय सांगणार होते मी?

तो 'तू' कोण, हे त्या बाईंच्या वहीत नाही. तो तू आहेस, दादा.

आई गेली त्या दुपारचं आहे ते. सकाळपासून ती तुझंच नाव घेत होती. मी तिची उशी सरळ केली, चमच्यानं पाणी दिलं. दार वाजलं की ती बघायची. दोनच्या सुमारास तिला दिसेनासं झालं बहुतेक. तिनं पुन्हा तुला हाक मारली आणि मी ओ दिली. तुझा आवाज काढून नाही, साधीच ओ दिली. तिला पटलं. ती तुझ्याशी बोलली, दादा, माझ्याशी नाही. 'आलास, बरं झालं' म्हणाली. मग झोपली ती झोपलीच.

तू चारला आलास. तू सांगितलंस, फोन पुढच्या दुकानात चार्जिंगला लावला होता, निरोप दिसलाच नाही. धाय मोकलून रडलास. मी तुझ्यावर चिडू तरी कशी? पण आत चीड होती, आणि तीन महिन्यांनी, तिसऱ्या टेकला, ती बाहेर पडली. संपल्यावर मी वर बघितलं तर तू समोर बेस घेऊन उभा. मला माझीच लाज वाटली. ज्याला निरोपच मिळाला नाही त्याला 'तू आला नाहीस' म्हणणारी मी कोण? म्हणून म्हटलं, राहू दे.

आणि मग तेच गाणं, त्रेचाळीस वेळा, तुझ्याशेजारी उभं राहून. खोटा आरोप, तोही तुझ्यावर, हजार माणसांच्या टाळ्या घेऊन. तू मजेत मान डोलवायचास. तुला कळलं तर तू मोडशील, न कळलं तर मी मोडेन, असं झालं होतं. आपलेच दात आणि आपलेच ओठ, बोलायचं कुणाला? त्या दिवशी माझ्यानं पुढे म्हणवेना. त्यानंतर मी एकही गाणं म्हटलेलं नाही. काम करताना गुणगुणतसुद्धा नाही. तोंड उघडलं की खोटं बोलल्यासारखं वाटतं.

म्हणून ते कुणीच म्हणू नये. नवीनं तर नाहीच. तिला काय ठाऊक, ती कुणाला नावं ठेवतेय.

तुझी
ठमी


२२ एप्रिल

दादा,

चार आठवडे झाले, पत्र नाही. ढोल्याचं कार्ड आलं, त्यात दोनच ओळी होत्या. कार्यक्रम तू रद्द केलास, सभागृहवाले खवळलेत, नवी रडतेय आणि दुकान चार दिवस बंद आहे. शेवटी त्यानं लिहिलंय, 'तू त्याला काय लिहिलंस?'

मी लिहायला नको होतं. सव्वाचार वर्षं मूग गिळून बसले होते, आणखी बसले असते तर काय बिघडत होतं? तुझी चूक नव्हती, दादा. शंभरदा सांगते. फोन बाहेर होता, त्याला कुणाचा इलाज? ते सगळं माझ्या डोक्यातलं होतं. एक ओळ पाठव. 'ठीक आहे' एवढंच लिही. मी इथे उलटे दात बसवायला लागले आहे.

ठमी


२ मे

ठमे,

ठीक नाही.

आठवेळा लिहिलं आणि फाडलं. हे नववं, हे पाठवणार.

फोन बाहेर नव्हता. माझ्या खिशात होता. तुझा निरोप अकरा वाजून दहा मिनिटांनी आला. 'आई तुला विचारतेय, निघ.' मी हात पुसून वाचला. समोर पाण्याच्या पंपाची मोटर होती, दोन कॉइल राहिल्या होत्या, आणि गिऱ्हाईक समोर बसलं होतं. मला वाटलं, आई रोजच विचारते. त्या आठवड्यात तीनदा धावत आलो होतो आणि तिन्ही वेळा तिनं 'आलास? जा आता कामाला' म्हटलं होतं. म्हटलं, एवढं संपवतो आणि जातो. फोन परत खिशात ठेवला.

कॉइल भरल्या. मग वार्निश लावलं. मग गिऱ्हाईकाला चालवून दाखवली. खरं सांगतो, मी मुद्दाम रेंगाळलो. तिला तसं बघायला जाणं मला नको व्हायचं. तू रोज बघत होतीस. मी मोटरच्या आड लपलो होतो. मोटर चांगली चालली, अजून चालते.

जिन्यात शेजारच्या काकूंनी सांगितलं. वर तू दारात उभी होतीस. मी पहिलं जे सुचलं ते बोललो. चार्जिंग, पुढचं दुकान. तू लगेच मान हलवलीस आणि मला जवळ घेतलंस. तेवढ्यात सांगायला हवं होतं. नाही सांगितलं. मग दिवस गेले, आणि रोजच्या रोज सांगणं अवघड होत गेलं.

तिसरा टेक चालू असताना, 'नाव तुझं घेतलं, मी ओ दिली' आलं तेव्हा मी मान खाली घालून बेसच्या तारांकडे बघत राहिलो. घरातलं काहीतरी आहे एवढं मला कळलं. पुढचं मी कळू दिलं नाही. ताकाला जाऊन भांडं कसं लपवतात, ते माझ्याकडून शिकावं. चष्मेवाला, चष्मेवाला करत राहिलो. रेकॉर्डिंगवाल्याला 'ठेव म्हणतेय' सांगितलं, ते खरंच तसं ऐकलं की मला तसं ऐकायचं होतं, हे आता मलाही सांगता येणार नाही. गाणं चांगलं झालं होतं. नऊ वर्षांत पहिल्यांदा.

तू खोटं गायली नाहीस, ठमे. एक अक्षरही खोटं नव्हतं. निरोप मिळाला होता आणि मी आलो नाही. तू ज्याला आरोप समजून तोंड मिटून घेतलंस, तो आरोप नव्हता, तसंच घडलं होतं. तुझं गाणं गेलं ते माझ्या चार्जिंगच्या थापेपायी. आणि वर मी तुला लिहिलं, माझा घास काढून नेलास.

'माफ कर' लिहिणार होतो. ते लिहून मला बरं वाटलं असतं, तुला नाही. म्हणून नाही लिहीत.

दादा


९ मे

दादा,

पत्र कामाच्या टेबलाशीच वाचलं, सगळ्यांसमोर. मग साहेबांना सांगून जिन्यात जाऊन बसले आणि पुन्हा वाचलं.

मला राग आला आहे. तू आला नाहीस त्याचा कमी. मोटरच्या आड लपणं मला कळतं. मलाही रोज लपायचं होतं, फक्त माझ्याकडे मोटर नव्हती. राग याचा आहे की तू थाप मारलीस आणि मी ती इतक्या प्रेमानं सांभाळली. तीन वर्षं मी इथे लोकांना दात करून देतेय, आणि स्वतः तोंड उघडायला भीत होते. कशाला? तू मला दुष्ट वाटू नयेस म्हणून. मी स्वतःलाच दुष्ट ठरवून घेतलं. तुला एकदाही वाटलं नाही का, हिला सांगावं?

उत्तर लिहू नकोस. पत्रांचा मलाही आता वीट आला आहे. तू चार ओळी पाठवायच्या, मी आठ दिवस त्यांचा अर्थ लावायचा, आणि आपण दोघं शब्द असे पकडतो की उलटाच अर्थ निघतो.

शनिवारी सुट्टी घेतली आहे. दुपारच्या गाडीनं येते. दुकान बंद ठेव. ढोल्याला बोलावू नकोस, नवीला नाही, त्या वहीवाल्या बाईंना तर अजिबात नाही. कुणी दाराशी आलंच तर घालवून दे. मागच्या खोलीत फक्त आपण दोघं.

बेस लावून तयार ठेव. ते गाणं मी पहिल्यापासून म्हणणार आहे. घसा बसलेला आहे, सूर लागेल की नाही माहीत नाही, पण या वेळी मला ठाऊक आहे की मी खरं म्हणतेय, आणि तुला ठाऊक आहे की ते कुणाला. नंतर आपण बोलू. कदाचित नाही बोलणार, मी तशीच संध्याकाळच्या गाडीला जाईन. ते तेव्हा बघू.

पण गाणं संपेपर्यंत तू उठायचं नाहीस.

ठमी